दैवी उन्माद आणि मैत्रीचा हात

विनाशकाली बुद्धी विपरीत होते, असे आपण सहज म्हणून जातो. ग्रीक पुराणकथांत ही विपरीत बुद्धी पुष्कळदा खुद्द देवच धाडतात आणि तिचा घाला घरातल्या माणसांवर पडतो. हेराक्लीसची कथा, म्हणजे रोमन नावाने जगभर गाजलेल्या हर्क्युलिसची कथा, याच जातीची आहे.

झ्यूसला मानवी स्त्रीपासून झालेला हा पुत्र. त्यामुळे झ्यूसपत्नी हेरा हिचा त्याच्यावर जन्माचा रोष. तिने धाडलेल्या उन्मादात त्याने पोटच्या मुलांचा वध केला आणि त्या पातकाचे प्रायश्चित्त म्हणून बारा अचाट कार्ये केली, असा कथेचा प्रचलित क्रम आहे. त्यात पाप आणि प्रायश्चित्त यांचा हिशेब जुळतो.

इ.स.पू. पाचव्या शतकातील अथेन्सचा नाटककार युरिपिडीस याने हा क्रमच उलटा केला. त्याच्या ‘हेराक्लीस’ नाटकात बाराही कार्ये आधीच पार पडली आहेत. पाताळातून परतलेला वीर थीब्जचे राज्य बळकावणाऱ्या लायकसच्या तावडीतून पत्नी मेगारा, तीन पुत्र आणि वृद्ध अँफिट्रियन यांना सोडवितो. त्याच घटकेस हेरा उन्माददेवता लिसा हिला पाठविते. निरपराध्याचा घात करावयास लिसासुद्धा कचरते. पण आज्ञेपुढे तिचा इलाज चालत नाही. ही शत्रूची मुले, अशा भ्रमाने बाप दोघांना मारतो. तिसऱ्याला घेऊन आई दाराआड लपते, तर दार उखडून एकाच बाणाने तो दोघांचाही प्राण घेतो.

आता प्रायश्चित्त तरी कोणते उरले? शुद्धीवर आलेला हेराक्लीस मरणच जवळ करू पाहतो. तेव्हा, ज्याला त्याने पाताळातून सोडविले होते तो थिसिअस येतो. पातक्याच्या स्पर्शाने आपण भ्रष्ट होऊ, हे भय तो जुमानीत नाही. तो मित्राचे झाकलेले तोंड उघडावयास लावतो, त्याला हात देतो आणि अथेन्सला चलण्यास सांगतो. नाटकाच्या पूर्वार्धात मोठ्या गलबतामागे लहान होड्या ओढल्या जाव्यात तशी मुले ज्याच्या मागून गेली, तोच बाप अखेरीस तशाच ओढलेल्या होडीप्रमाणे मित्रामागून चालू लागतो.

सिंह लोळविण्याहून जगत राहणे कठीण असते, आणि ते बळ एकट्याच्या बाहूंत नसते. मन हरवलेल्या माणसाच्या घराकडे जाणारी पावले आजही उंबरठ्यापाशी अडखळतात. थिसिअसची पावले अडखळली नाहीत. देवांनी जे मोडले ते त्याला सांधता आले नाही. पण मोडलेल्या माणसाला त्याने एकटे सोडले नाही. अशा घरांच्या संदर्भात समाजाचे कर्तव्य याहून वेगळे नाही.