बरणीतील नावे

इतिहासाचे शिक्षक म्हटले, की सनावळी पाठ करून घेणारे आणि लढायांचे नकाशे फळ्यावर काढणारे गुरुजी आपल्या डोळ्यांपुढे उभे राहतात. हे कामही आवश्यकच आहे; त्यावाचून ज्ञानाचा पाया भरत नाही. परंतु इतिहास हा केवळ ऐकून घेण्याचा विषय नसून शोधून पाहण्याचा विषय आहे, ही दृष्टी विद्यार्थ्यांस देणे हे शिक्षकाचे याहून मोठे कार्य होय. अमेरिकेतील एका खेड्यात नॉर्मन कोनार्ड या शिक्षकांनी हे कार्य कसे केले, ते आपण पाहू.

अमेरिकेच्या मध्यभागी कॅन्सस नावाचे शेतीप्रधान राज्य आहे. त्या राज्यातील युनियनटाउन या गावाची वस्ती तीनशेच्याही आत. तेथील माध्यमिक शाळेत कोनार्ड इतिहासादी सामाजिक विषय शिकवीत असत. अमेरिकेत दरवर्षी विद्यार्थ्यांसाठी ‘राष्ट्रीय इतिहास दिन’ या नावाची स्पर्धा होते. एखादा ऐतिहासिक विषय निवडून विद्यार्थ्यांनी स्वतः त्याचे संशोधन करावे आणि ते निबंध, प्रदर्शन किंवा नाटिका यांच्या रूपाने मांडावे, अशी तिची योजना असते. कोनार्ड आपल्या विद्यार्थ्यांस या स्पर्धेसाठी मोठ्या उत्साहाने तयार करीत.

१९९९ साली त्यांनी तीन विद्यार्थिनींच्या हाती एका नियतकालिकातील पाच वर्षांपूर्वीचे एक लहानसे कात्रण दिले. दुसऱ्या महायुद्धात ज्यू लोकांचे प्राण वाचविणाऱ्या काही व्यक्तींची माहिती त्यात होती. इरेना सेंडलर नावाच्या पोलिश स्त्रीने वॉर्सा शहरातील सुमारे २,५०० मुले मृत्यूच्या दाढेतून सोडविली, असा त्यात उल्लेख होता. असेच कार्य करणारे ऑस्कर शिंडलर जगप्रसिद्ध झाले होते. त्यांनी वाचविलेल्यांची संख्या हजार-बाराशेच्या घरात होती. मग त्याच्या दुपटीने कार्य करणाऱ्या या बाईंचे नाव आपल्या कानी कसे आले नाही? कोनार्ड यांना प्रश्न पडला. कदाचित ही छपाईची चूक असेल, असे त्यांनी मुलींना सांगितले आणि खरे काय ते शोधून काढण्यास सुचविले.

मुलांनो, येथे क्षणभर थांबून विचार करा. शिक्षकांना उत्तर ठाऊक नव्हते आणि ते त्यांनी लपविले नाही. छापलेले आहे म्हणून ते खरे, असे त्यांनी म्हटले नाही; तसेच नवल वाटते म्हणून ते खोटे, असेही म्हटले नाही. संशोधनाचा आरंभ अशाच प्रामाणिक शंकेतून होत असतो.

मुली कामाला लागल्या. शोध घेता घेता इरेना यांचे चरित्र हळूहळू उलगडत गेले. जर्मनीने पोलंड जिंकल्यावर नाझींनी १९४० साली वॉर्सातील सुमारे चार लाख ज्यूंना भिंतीने बंदिस्त केलेल्या एका वस्तीत कोंडले. उपासमार आणि साथीचे रोग यांनी तेथे माणसे रोज मरत होती. १९४२ च्या उन्हाळ्यापासून तर त्यांना गाड्यांत भरून ट्रेब्लिंका येथील मृत्युछावणीत नेण्यात येऊ लागले. इरेना या शहराच्या समाजकल्याण खात्यात नोकरीस होत्या. रोगप्रतिबंधाच्या कामाचा परवाना मिळवून त्या या वस्तीत जात. ज्यूंना साहाय्य करणाऱ्यास देहान्ताची शिक्षा होती. तरीही त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कोणास रुग्णवाहिकेतून, तर कोणास सीमेवरील न्यायालयाच्या इमारतीतून बाहेर काढले आणि त्या बालकांना कुटुंबांत, मठांत व अनाथाश्रमांत आसरा मिळवून दिला. पुढे कधीतरी ही मुले आपल्या माणसांना परत मिळावीत, म्हणून त्यांची खरी नावे कागदाच्या चिठ्ठ्यांवर लिहून ती बरण्यांत घालून सफरचंदाच्या झाडाखाली पुरून ठेवली होती. १९४३ साली इरेना पकडल्या गेल्या. त्यांचे अतोनात हाल करण्यात आले. पण त्यांनी एकही नाव उघड केले नाही. अखेर सहकाऱ्यांनी पहारेकऱ्यास लाच देऊन त्यांची सुटका केली.

या माहितीवरून मुलींनी एक नाटिका रचली आणि तिला ‘बरणीतील जीवन’ असे नाव दिले. इरेना यांची समाधी कोठे आहे, हे त्या शोधीत असता त्यांना एक विलक्षण वार्ता समजली. इरेना हयात होत्या! वॉर्सामध्येच त्या वृद्धापकाळ कंठीत होत्या. मुलींनी त्यांना पत्र लिहिले आणि उभयपक्षी पत्रव्यवहार सुरू झाला. नाटिकेचे प्रयोग गावोगावी होऊ लागले. प्रयोगाच्या ठिकाणी मुली एक बरणी ठेवीत आणि तीत जमलेले द्रव्य इरेना यांच्यासाठी पाठवीत. कॅन्सस सिटी येथे प्रयोग पाहून भारावलेल्या एका ज्यू गृहस्थांनी त्यांच्या प्रवासाचा खर्च उभा केला. मे २००१ मध्ये कोनार्ड आणि त्यांच्या विद्यार्थिनी वॉर्साला गेल्या. ज्यांचा त्यांनी कागदांतून शोध घेतला होता, त्या एक्याण्णव वर्षांच्या वृद्धेने त्यांना प्रत्यक्ष भेट दिली.

येथे एक गोष्ट ध्यानात ठेविली पाहिजे. इरेना सर्वस्वी अज्ञात होत्या, असे म्हणणे बरोबर होणार नाही. इस्राएलमधील याद वाशेम या स्मारकसंस्थेने १९६५ सालीच त्यांचा सन्मान केला होता. परंतु बाहेरच्या जगास त्यांची ओळख नव्हती. तसेच २,५०० हा आकडा पुढील अभ्यासकांनीही तपासून पाहिला आणि काहींनी प्रत्यक्ष संख्या त्याहून कमी असावी, असे मत दिले. आपण एकट्या नव्हतो, अनेकांनी मिळून हे कार्य केले, असे स्वतः इरेना आवर्जून सांगत. थोर व्यक्तीविषयी आदर बाळगावा आणि तिच्याविषयी नेमके तेच सांगावे, यांत विरोध नाही. २००३ साली पोलंडने त्यांस आपला सर्वोच्च सन्मान दिला. १२ मे २००८ रोजी त्या निवर्तल्या.

कोनार्ड यांनाही सन्मान लाभले. अमेरिकेतील ‘राष्ट्रीय शिक्षक गौरव दालना’त त्यांची निवड झाली. २००७ साली त्यांच्या पुढाकाराने जवळच्या फोर्ट स्कॉट या शहरात अप्रसिद्ध वीरांच्या शोधासाठी एक केंद्र उघडण्यात आले. तेथे विद्यार्थ्यांना अशा व्यक्ती शोधून काढण्यास साहाय्य केले जाते. तथापि त्या शिक्षकाचे खरे यश मानचिन्हात नव्हते. त्यांनी दिले ते फक्त एक कात्रण. त्यातून जे निर्माण झाले, ते विद्यार्थिनींनी आपल्या श्रमांनी केले. शिष्याचा हात धरून चालविणारा गुरू चांगला. पण वेळ येताच तो हात सोडून देणारा गुरू अधिक चांगला.

तुमच्या गावातही जुन्या पेटीत पडलेला एखादा कागद असेल, आपल्या तरुणपणाविषयी कधी कोणी विचारलेच नाही, असे एखादे आजोबा किंवा आजी असतील. त्यांच्याजवळ जा आणि विचारा. जे कळेल ते लिहून ठेवा आणि ते खरे आहे की नाही, हेही पडताळून पाहा. इरेना हयात असताना त्या मुली पोहोचल्या, हे त्यांचे भाग्य. विचारण्यास विलंब झाला, तर उत्तर देणारे राहत नाहीत.