हिशेबातलं ‘सामाईक’ ओळखा

ताईंनो, आठवीतली मुलगी ‘अवयव पाडणे’ घेऊन बसली की आपण म्हणतो, ते आपलं काम नाही. पण हे गणित आपल्या फराळाच्या ऑर्डरमध्ये आणि बचतीच्या रजिस्टरमध्येही आहे.

समजा, गटाकडे लाडवांची 12 पाकिटं आणि चकलीची 18 पाकिटं आहेत. सगळे बॉक्स सारखे भरायचेत आणि काही उरायला नको. जास्तीत जास्त किती बॉक्स होतील?

12 = 2 × 2 × 3
18 = 2 × 3 × 3

दोन्हींत सामाईक आहेत 2 आणि 3. म्हणजे 2 × 3 = 6. हाच मसावि, महत्तम सामाईक विभाजक. बॉक्स झाले 6. प्रत्येकात लाडवांची 2 आणि चकलीची 3 पाकिटं.

आता लाडवांच्या पाकिटाचा भाव ‘ल’ आणि चकलीच्या पाकिटाचा ‘च’ धरा. भाव बदलतो, म्हणून आकड्याऐवजी अक्षर.

12ल + 18च = 6(2ल + 3च)

कंसात आहे एका बॉक्सची किंमत, बाहेर बॉक्सची संख्या. ल 80 आणि च 60 रुपये असेल तर बॉक्स 340 रुपयांचा, एकूण 2,040. तूप महागलं, ल 90 झाला? बॉक्स 360 चा, एकूण 2,160. सगळं पुन्हा मांडायला नको.

2 बाहेर काढला तरी चालेल: 2(6ल + 9च). पण कंसात 3 अजून सामाईक राहतो, म्हणजे काम अर्धवट. सर्वांत मोठाच काढायचा.

आता रजिस्टर. 12 जणींची प्रत्येकी ‘ब’ रुपये बचत आणि 10 रुपये सामाजिक निधी:

12ब + 120 = 12(ब + 10)

बचत 100 असेल तर 12 × 110 = 1,320. पेटीत 1,210 निघाले तर ते 110 च्या अकरा पट; बहुतेक एकीचे पैसे यायचे राहिलेत. 1,300 निघाले तर 110 ने भाग जात नाही. कुणाची तरी रक्कम अपुरी आहे, किंवा मोजण्यात चूक आहे. सही करण्याआधी एवढं बघितलं तर नंतर एकमेकींवर संशय घ्यायची वेळ येत नाही.

एक लक्षात ठेवा: कंस सोडवून बघायचा. बाहेरच्या आकड्याने आतल्या प्रत्येकाला गुणा. मूळ हिशेब परत आला की बरोबर.

पुढच्या बैठकीत हे सोडवा: 24ल + 36च. (उत्तर: 12(2ल + 3च). बॉक्स तोच, संख्या दुप्पट!)