क्षितिज नेमकं असतं कुठे? सूर्यास्ताच्या फोटोपासून वांद्र्याजवळच्या विमान अपघातापर्यंत, एका न सापडणाऱ्या रेषेची गोष्ट

मरीन ड्राइव्हचा कट्टा असो, गणपतीपुळ्याचा किनारा असो की गोव्यातली एखादी टेकडी, संध्याकाळी सहा-साडेसहाला सगळीकडे एकच दृश्य दिसतं. शंभरेक मोबाईल एकाच दिशेला रोखलेले असतात. आभाळ आणि पाणी जिथे मिळतं, त्या रेषेवर सूर्य टेकला की फोटो निघतो, स्टोरी पडते आणि खाली कॅप्शन येतं, ‘क्षितिजापलीकडे…’

पण क्षितिजापलीकडे म्हणजे नेमकं कुठे? ती रेषा किती लांब असते? आणि जी जागा अस्तित्वातच नाही, तिच्यावर खलाशांनी, कवींनी आणि तत्त्वज्ञांनी इतका विचार का केला? जरा सविस्तर बघूया.

आधी गणित : क्षितिज किती लांब असतं?

बहुतेकांना वाटतं की समुद्रावरचं क्षितिज पन्नास-शंभर किलोमीटर लांब असेल. प्रत्यक्षात पाण्याच्या कडेला उभ्या असलेल्या साधारण उंचीच्या माणसाला दिसणारं क्षितिज फक्त साडेचार किलोमीटरवर असतं. म्हणजे मरीन ड्राइव्हच्या लांबीपेक्षा थोडंसंच जास्त.

हिशोब सोपा आहे. तुमचे डोळे समुद्रसपाटीपासून जितके मीटर उंच आहेत, त्या आकड्याचं वर्गमूळ काढा आणि त्याला ३.५७ ने गुणा. उत्तर किलोमीटरमध्ये मिळतं. डोळे ३० मीटरवर असतील, म्हणजे साधारण दहाव्या मजल्यावर, तर क्षितिज जवळपास २० किलोमीटरवर जातं. कळसूबाईच्या १,६४६ मीटर उंचीसाठी हाच आकडा १४५ किलोमीटरच्या आसपास येतो. अर्थात हवा स्वच्छ हवी आणि मध्ये दुसरे डोंगर आडवे यायला नकोत. दहा किलोमीटर उंचीवरून उडणाऱ्या विमानातून तो सुमारे ३५७ किलोमीटर होतो.

यात वर्गमूळ असल्यामुळे एक गंमत होते. क्षितिज दुप्पट लांब न्यायचं असेल तर उंची दुप्पट करून भागत नाही, चौपट करावी लागते.

दुसरी गंमत सूर्यास्ताची. पृथ्वीचं वातावरण प्रकाशाला वाकवतं. क्षितिजाजवळ हे वाकणं इतकं असतं की सूर्याची खालची कड पाण्याला टेकलेली दिसते, तेव्हा अख्खा सूर्य खरं तर क्षितिजाच्या खाली गेलेला असतो. म्हणजे ज्या सूर्याचा फोटो आपण काढतो, तो भूमितीच्या हिशोबाने आधीच मावळलेला असतो.

शब्द आला कुठून?

‘क्षिति’ म्हणजे पृथ्वी आणि ‘ज’ म्हणजे जन्मलेलं. क्षितिज म्हणजे पृथ्वीपासून जन्मलेलं. म्हणूनच संस्कृतमध्ये हा शब्द मंगळ ग्रहासाठीही वापरला जातो, कारण पुराणांत मंगळ भूमीचा पुत्र मानला आहे.

ग्रीक भाषेतला ‘होरायझन’ मात्र वेगळ्या कल्पनेतून आला. त्याच्या मुळाशी असलेल्या क्रियापदाचा अर्थ आहे हद्द घालणं, सीमा आखणं. म्हणजे एका भाषेने या रेषेत कुंपण पाहिलं, तर दुसरीने जन्म.

आपल्या घरोघरी क्षितिज आणखी एका वाटेने आलेलं आहे, पण ते चटकन लक्षात येत नाही. पत्रिकेतली लग्नरास म्हणजे जन्माच्या क्षणी पूर्व क्षितिजावर उगवत असलेली रास. ‘लग्न’ म्हणजे लागलेलं, चिकटलेलं. इथे ते क्षितिजाला चिकटलेलं आहे. ज्योतिषावर विश्वास असो वा नसो, पत्रिकेचं पहिलं घर क्षितिजावरून ठरतं, हे मात्र खरं.

खलाशांसाठी क्षितिज म्हणजे पाटी आणि पट्टी

आपल्यासाठी क्षितिज हे दृश्य आहे. खलाशांसाठी ते हत्यार होतं.

हिंदी महासागरात अरब आणि भारतीय नाविक ‘कमाल’ नावाचं एक साधं उपकरण वापरत. लाकडाची छोटी चौकोनी फळी आणि तिच्या मधोमध ओवलेली गाठींची दोरी, एवढंच. दोरी दातांत धरायची, फळीची खालची कड क्षितिजाला लावायची आणि वरची कड ध्रुवताऱ्याला टेकेपर्यंत फळी पुढे-मागे करायची. दोरीची कोणती गाठ दातांत आली, यावरून आपण किती उत्तरेला आहोत ते कळायचं. ठरावीक बंदरासाठी ठरावीक गाठ असायची.

पुढे आलेल्या सेक्स्टंटचंही तत्त्व तेच, तारा आणि क्षितिज यांच्यातला कोन मोजायचा. पण त्यात एक अडचण होती. मध्यरात्री तारे भरपूर असतात, पण काळोखात क्षितिज दिसत नाही. भर दिवसा क्षितिज दिसतं, पण तारे नसतात. म्हणून ताऱ्यांवरून मोजमाप घ्यायला नाविकांना संधिप्रकाशातली थोडीशी वेळच मिळायची. आपण ज्या वेळेला फोटो काढतो, त्या वेळेला जहाजांवर ही धावपळ चालायची.

पॅसिफिक महासागरातल्या नाविकांनी तर उपकरणाशिवायच काम भागवलं. १९७६ साली ‘होकुलेआ’ नावाची दुहेरी होडी हवाईहून ताहितीला निघाली. मार्गदर्शक होते मायक्रोनेशियातल्या सातावाल बेटाचे माऊ पियाइलुग. होकायंत्र नाही, नकाशा नाही. कोणता तारा क्षितिजावर नेमका कुठे उगवतो आणि कुठे मावळतो, हे त्यांना पाठ होतं. एक तारा वर चढला की त्याच जागेवरून उगवणाऱ्या पुढच्या ताऱ्याकडे वळायचं. याच्या जोडीला लाटांची दिशा आणि पक्षी. महिनाभरात होडी ताहितीला पोहोचली. पॅसिफिकमधली बेटं माणसांना केवळ वाहत जाऊन योगायोगाने सापडली, असं मानणाऱ्यांना हे मोठं उत्तर होतं.

या परंपरेत ‘एताक’ नावाची एक विचार करण्याची पद्धत आहे. तिच्यात होडी एका जागी स्थिर आहे असं मानतात आणि बेटं क्षितिजावरून सरकत आपल्याकडे येतात. नकाशावर सरकणाऱ्या निळ्या ठिपक्याची सवय झालेल्या आपल्याला हे उलटं वाटेल. पण होडीत बसलेल्या माणसाला खरोखर दिसतं ते असंच.

डोंगरावर चढून पृथ्वी मोजणारा माणूस

अकराव्या शतकाच्या सुरुवातीला अल बिरुनी हा विद्वान भारतात आला होता. गझनीच्या महमूदाच्या काळात इथे राहून त्याने संस्कृतचा अभ्यास केला आणि भारतावर मोठा ग्रंथ लिहिला. आज पाकिस्तानच्या पंजाबात असलेल्या नंदना किल्ल्याजवळ त्याने क्षितिजाचा एक भन्नाट वापर केला.

त्याने आधी तिथल्या डोंगराची उंची मोजली. मग डोंगरावर जाऊन क्षितिज डोळ्यांच्या सरळ रेषेपेक्षा किती खाली झुकलेलं दिसतं, तो कोन मोजला. हे दोन आकडे आणि त्रिकोणमिती वापरून त्याने पृथ्वीची त्रिज्या काढली. त्याच्या काळातल्या लांबीच्या एककाची आजच्या मापात नेमकी किंमत काय, यावर अभ्यासकांमध्ये वाद आहे. पण पद्धत बरोबर होती. पृथ्वीचा आकार मोजायला तिला प्रदक्षिणा घालायची गरज नाही, एका डोंगरावरून नीट बघितलं तरी पुरतं, हे त्याने दाखवून दिलं.

कवींना त्यात काय दिसलं?

मराठीत क्षितिज आणि समुद्र म्हटलं की कुसुमाग्रजांची ‘कोलंबसाचे गर्वगीत’ आठवतेच. ‘विशाखा’ हा संग्रह १९४२ सालचा. या कवितेतला कोलंबस खवळलेल्या समुद्राला ठणकावतो. समुद्राला शेवटी किनाऱ्याची मर्यादा आहे, माणसाच्या ध्येयाला नाही, हा तिचा गाभा. स्वातंत्र्यलढ्याच्या त्या दिवसांत वाचकांना ती का भिडली असेल, हे वेगळं सांगायला नको.

इतिहासातला कोलंबस मात्र गुंतागुंतीचा आहे. त्याने अटलांटिक ओलांडला, पण आपण आशियात पोहोचलो हा समज त्याने १५०६ मध्ये मरेपर्यंत सोडला नाही. आणि जे त्याच्यासाठी क्षितिजापलीकडचं होतं, ते तिथल्या टायनो लोकांचं घर होतं. त्यानंतरच्या काही दशकांत रोगराई, गुलामी आणि हिंसाचारात तो समाज जवळजवळ उद्ध्वस्त झाला. कवितेतला कोलंबस हे साहसाचं प्रतीक आहे आणि ते तसंच वाचावं. पण एकाचं क्षितिज दुसऱ्याचं अंगण असू शकतं, हेही ध्यानात ठेवावं.

याच्या बरोबर उलटी कविता इटलीत लिहिली गेली. १८१९ साली जाकोमो लेओपार्दी या एकवीस वर्षांच्या कवीने ‘अनंत’ अशा अर्थाच्या नावाची फक्त पंधरा ओळींची कविता लिहिली. तो गावाजवळच्या टेकडीवर बसलाय आणि समोरच्या झुडपांच्या कुंपणाने क्षितिज झाकलंय. त्याला त्याचं वाईट वाटत नाही. उलट दिसत नाही म्हणूनच त्याचं मन पलीकडच्या अथांग अवकाशाची कल्पना करू लागतं. कुसुमाग्रजांचा कोलंबस क्षितिजाकडे झेपावतो, लेओपार्दी जागेवरून हलतही नाही. दोघेही पोहोचतात मात्र अमर्यादाकडेच.

क्षितिज हरवलं तर?

इथपर्यंत हे सगळं रम्य वाटतं. पण क्षितिज न दिसणं जीवघेणंही ठरू शकतं.

आपला तोल कानाच्या आतल्या द्रवावर अवलंबून असतो. विमान हळूहळू कलत वळत राहिलं तर काही वेळाने तो द्रव स्थिरावतो आणि मेंदूला वाटतं की आपण सरळच चाललोय. दिवसा खिडकीतून क्षितिज दिसलं की चूक लगेच कळते. रात्री समुद्रावर ते दिसत नाही. म्हणून कॉकपिटमध्ये ‘कृत्रिम क्षितिज’ दाखवणारं यंत्र असतं. वर निळा भाग, खाली तपकिरी आणि मध्ये एक रेषा.

१ जानेवारी १९७८ च्या रात्री एअर इंडियाचं ‘सम्राट अशोक’ हे बोइंग ७४७ विमान सांताक्रूझहून दुबईला निघालं. समोर अरबी समुद्राचा काळोख. विमान किंचित उजवीकडे वळून पुन्हा सरळ झालं, पण कॅप्टनसमोरचं कृत्रिम क्षितिज बिघडलं होतं. ते विमान अजून उजवीकडे कललेलंच दाखवत राहिलं. ते सरळ करण्यासाठी विमान डावीकडे वळवण्यात आलं आणि वळतच गेलं. उड्डाणानंतर दोन मिनिटांच्या आत ते वांद्र्याजवळच्या समुद्रात कोसळलं. विमानातल्या २१३ जणांपैकी कुणीही वाचलं नाही. बाहेर खरं क्षितिज दिसत असतं, तर यंत्राची चूक लगेच उघडी पडली असती. म्हणूनच वैमानिकांना शिकवतात की फक्त शरीराच्या जाणिवेवर विसंबू नका आणि एकाच यंत्रावरही नको. दुसऱ्याशी ताडून बघा.

गंमत म्हणजे विमानांचा शोध लागण्याआधीच एका तत्त्वज्ञाने हीच भीती बोलून दाखवली होती. नीत्शेच्या १८८२ सालच्या पुस्तकात एक वेडा भर बाजारात येऊन देव मेल्याची घोषणा करतो. मग तो विचारतो की, सगळं क्षितिजच पुसून टाकायला आपल्याला बोळा कुणी दिला? आता वर काय आणि खाली काय? आपण सतत कोसळतच तर नाही ना? ज्या श्रद्धांवरून माणसं बरं-वाईट ठरवत होती, त्या गेल्यावर तोल कशावर सांभाळायचा, असा तो प्रश्न होता.

आपलं क्षितिज आणि आपला फीड

विसाव्या शतकात हान्स-गेओर्ग गाडामर या जर्मन तत्त्वज्ञाने क्षितिजाचा अर्थ आणखी पुढे नेला. ‘सत्य आणि पद्धत’ अशा अर्थाचं नाव असलेला त्याचा ग्रंथ १९६० साली आला. त्याचं म्हणणं असं की प्रत्येक माणूस कुठेतरी उभा राहूनच बघतो. भाषा, काळ, संस्कार, पूर्वग्रह या सगळ्यांनी मिळून त्याचं क्षितिज बनतं. क्षितिजाशिवाय कुणीच नसतं. पण ते भिंतीसारखं पक्कंही नसतं. आपण हललो की तेही हलतं.

उदाहरण घ्या महात्मा फुल्यांच्या ‘गुलामगिरी’चं. पुस्तक १८७३ सालचं. त्यातलं एखादं वाक्य कापून आज व्हायरल होतं आणि दोन्ही बाजूंनी भांडणं सुरू होतात. गाडामरच्या हिशोबाने इथे दोन क्षितिजं आहेत, फुल्यांचं आणि वाचणाऱ्याचं. आपण १८७३ मधला माणूस होऊ शकत नाही. पण फुल्यांना आजच्या एखाद्या गटाचा प्रवक्ता करणंही चूक. त्यांनी काय पाहिलं होतं ते समजून घेताना आपलं बघणंही थोडं बदललं, तर खरं आकलन होतं. गाडामर याला क्षितिजांचं एकमेकांत मिसळणं म्हणतो.

आता आपल्या फीडकडे बघा. अल्गोरिदम आपल्याला आवडलेल्या गोष्टींसारख्याच गोष्टी पुढे आणतो. तासभर स्क्रोल केलं की खूप लांब जाऊन आल्यासारखं वाटतं. पण समुद्रकिनाऱ्यावरून तासभर सरळ चालणाऱ्या माणसाचंही तेच होतं. क्षितिज त्याच्यासोबत सरकत राहतं, पण अंतर साडेचार किलोमीटरच राहतं. ते वाढवायचं तर उंची बदलावी लागते, म्हणजे न पटणारं एखादं पुस्तक पूर्ण वाचणं, वेगळ्या गावातल्या, वेगळ्या समाजातल्या माणसाचं म्हणणं मध्येच न तोडता ऐकणं. त्याला वेळ लागतो. दुप्पट लांबचं दिसायला चौपट चढावं लागतं, हे गणित इथेही फारसं वेगळं नाही.