उन्हाळ्यातलं लाइव्ह गेमिंग

बीजीएमआय हा गेम खेळता खेळता तो यूट्यूबवर थेट दाखवायचा, तर फोनवर तीन कामं एकदम पडतात: गेमची चित्रं उभी करणं, ती दाबून व्हिडिओ बनवणं आणि लगोलग पाठवणं. तिन्हींतून उष्णता निघते. चार्जर लावला की आणखी भर. अ‍ॅपल आयफोनसाठी ३५ अंशांपर्यंतचीच हवा योग्य मानते. जळगाव-धुळ्यात मे महिन्याच्या दुपारी पारा बहुधा चाळिशीपार. मग प्रोसेसर स्वतःला वाचवायला वेग उतरवतो, गेम अडखळतो आणि पोरं शिव्या घालतात बिचाऱ्या नेटला! नेटचा हिशेब वेगळाच: सेकंदाला ४ मेगाबिट पाठवले, तर तासाला १.८ जीबी संपतात. म्हणजे रोजचा दीड जीबी तासभरही पुरत नाही. तेव्हा कव्हर काढा, चार्जर सोडवा, ७२०पीवर भागवा. तापलेला फोन फ्रिजमध्ये मात्र ठेवू नका. आत दव धरतं.