भुताचा आवाज घडवताना

काबुकीत भूत दिसण्याआधी ऐकू येतं. रंगमंचाच्या कडेला, चिकाच्या पडद्याआड मोठ्या ढोलावर लांब काठ्यांनी दबका, सलग घुमारा धरतात आणि त्यावर बासरीची थरथरती लकेर उठते. संकेत इतका मुरलेला, की प्रेक्षक आधीच सावरून बसतात. जपानी भयपटाच्या संगीतकाराला हा वारसा आयता मिळतो. त्याची पंचाईतही तीच: सावरून बसलेल्याला घाबरवायचं कसं?

मासाकी कोबायाशींच्या ‘क्वाइदान’मध्ये (१९६४) तोरू ताकेमित्सूंनी यावर जो तोडगा काढला, त्याच्या पुढे आजही फारसं कोणी गेलेलं नाही. लाफ्काडिओ हर्न यांच्या चार भूतकथांचा हा तीन तासांचा चित्रपट. त्यातल्या पहिल्या कथेतला सामुराई गरीब बायकोला टाकून बड्या घरचा जावई होतो. वर्षांनी पस्तावून परततो, रात्र तिच्यासोबत काढतो. सकाळी शेजारी सांगाडा आणि काळेभोर केस! तो धडपडत पळतो, कुजक्या फळ्या पायाखाली मोडतात, पण त्या मोडण्याचा आवाजच येत नाही. येतो तो लाकूड चिरफाळल्याचा, तडकल्याचा आवाज, भलत्याच क्षणी. ताकेमित्सूंनी लाकडाचे खरे आवाज टेपवर घेऊन त्यांचीच मोडतोड केली होती. डोळे एक सांगतात, कान दुसरंच. भीती त्या फटीत आहे.

हिमस्त्रीच्या कथेत शाकुहाची बासरीवर अशीच प्रक्रिया करून ती वाऱ्यात मिसळली आहे. पण आंधळ्या होइचीच्या कथेत ताकेमित्सू टेपची करामत आवरती घेतात आणि त्सुरुता किन्शी या वादक-गायिकेची बिवा पुढे येते. बिवा म्हणजे नासपतीच्या आकाराचं तंतुवाद्य. पंख्यासारखी रुंद लाकडी नखी तारेवरून थेट वाद्याच्या पोटावर आदळते, त्यामुळे सुराबरोबर ठोकाही उमटतो. तारेची गुणगुण मुद्दाम राखलेली असते. मिरजेच्या तंबोऱ्याची जवारी कानात बसलेल्यांना ती परकी वाटणार नाही. ११८५च्या दान-नो-उराच्या समुद्रयुद्धात बुडालेल्या वीरांची भुतं होइचीला बोलावून नेतात आणि त्याच्या बिवावर त्याच युद्धाची गाथा ऐकतात. १९६७मध्ये हीच बिवा ताकेमित्सूंच्या ‘नोव्हेंबर स्टेप्स’मधून न्यूयॉर्क फिलहार्मोनिकसमोर वाजली, पुन्हा त्सुरुतांच्याच हातून.

१९६४च्याच ‘ओनिबाबा’त हिकारू हायाशींनी उलटी वाट धरली. उंच गवतात ढोल आणि जॅझ एकत्र उसळतात. तिथे दचकण्यापेक्षा वखवख जास्त ऐकू येते.

पुढे हिदेओ नाकातांचा ‘रिंगु’ आला (१९९८). संगीतकार केन्जी कावाई ‘घोस्ट इन द शेल’च्या घनगंभीर समूहगानासाठी गाजलेले, इथे मात्र लांबच लांब प्रसंग संगीताविना सोडलेले. शापित व्हिडिओ टेप सुरू झाली की धातूवर धातू घासल्यासारखी खरखर येते आणि आपण नकळत दात आवळतो. २००२च्या अमेरिकी आवृत्तीला हॅन्स झिमर यांचं संगीत आहे. त्यात पियानोची उदास धून आहे, तंतुवाद्यं आहेत. ते घरी लावून ऐकावंसं वाटतं. कावाईंची खरखर कोणी हौसेने घरी लावणार नाही, आणि भयपटाच्या संगीतकाराला ही दादच म्हणायची.