पुरस्कार कोर्टात नेणारा दिग्दर्शक

माहितीपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला की तो लोकांपर्यंत पोचला, असं माझ्या विद्यार्थ्यांना वाटतं. मी महाविद्यालयात माध्यमं हा विषय शिकवते. हा समज दूर करायला मी माहितीपटकार आनंद पटवर्धन यांची वाटचाल सांगते.

पटवर्धन मुंबईचे, जन्म १९५०चा. अमेरिकेत समाजशास्त्र शिकून परतलेला हा तरुण १९७४मध्ये जयप्रकाश नारायण यांचं आंदोलन टिपायला बिहारमध्ये होता. त्यातून ‘क्रांती की तरंगें’ तयार झाला. लगेच आणीबाणी आली. चित्रपट चोरून दाखवावा लागला. एक प्रत तुकडे करून परदेशी पाठवली गेली.

१९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडल्या गेलेली माणसं स्वतः बोलतात. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि फिल्मफेअरही. १९९२च्या ‘राम के नाम’लाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बाबरी मशीद पडण्याआधीची अयोध्या त्यात आहे आणि मंदिराच्या राजकारणाला ठाम नकार देणारे पुजारी लालदासही. दूरदर्शन मात्र तो दाखवायला तयार नव्हतं.

इथे पटवर्धनांनी पुरस्कार कपाटात ठेवला नाही, कोर्टात नेला. सरकारनेच नेमलेले परीक्षक चित्रपट गौरवतात, मग जनतेच्या पैशावर चालणारी वाहिनी तो जनतेपासून का लपवते? मुंबई उच्च न्यायालयातल्या लढाईनंतर १९९७मध्ये ‘राम के नाम’ दूरदर्शनवर दिसला. धर्म आणि पुरुषीपणा यांचं नातं उलगडणाऱ्या ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’साठी भांडण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. चित्रपट १९९५चा, निकाल २००६चा. एखाददुसरं दृश्य सुटं काढून नव्हे, तर अख्खी कलाकृती सामान्य, समंजस प्रेक्षकाच्या नजरेने पाहून तिची पारख करावी, असं न्यायालयाने सांगितलं. अण्वस्त्रांवरच्या ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉरने एकवीस ठिकाणी कात्री लावायला सांगितली होती. २००३मध्ये उच्च न्यायालयाने तो एकही काट न करता मोकळा केला.

एवढं झगडायला बळ कुठून येतं? बरंचसं त्यांच्या कामाच्या पद्धतीतून. निर्मिती त्यांची स्वतःची; चित्रीकरण आणि संकलनही बहुतेकदा तेच करतात. मागे हटा म्हणणारा मालक डोक्यावर नसतो. आणि ज्यांच्यावर चित्रपट केला, त्यांना ते सोडत नाहीत. ‘हमारा शहर’मध्ये गाणारे शाहीर विलास घोगरे त्यांचे स्नेही होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी आत्महत्या केली. त्या दुःखातून सुरू झालेलं चित्रीकरण चौदा वर्षं चाललं. २०११मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला आणि भायखळ्याच्या बीआयटी चाळीसारख्या वस्त्यांमध्ये, ज्यांची ही कहाणी त्यांच्याच समोर दाखवला गेला.

२०१८मध्ये पटवर्धनांच्या ‘विवेक’ने ॲमस्टरडॅमच्या ‘इडफा’ महोत्सवात सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा मान मिळवला. तरीही माझ्या विद्यार्थ्यांनी भायखळ्याचा तो खेळ अधिक लक्षात ठेवावा, असं मला वाटतं. कॅमेरा हाती घेण्याआधी त्यांनी स्वतःला विचारावं: हा चित्रपट कोणाला दाखवायचा आहे, आणि त्यासाठी किती वर्षं पाय रोवून उभं राहायची आपली तयारी आहे?