पंधरा दिवसांत एक घर

पुण्यात कल्याणीनगरला १९ मे २०२४च्या पहाटे पोर्शे गाडीने दोन तरुण अभियंत्यांचा जीव घेतला. गाडी चालवल्याचा आरोप असलेल्या अल्पवयीन मुलाला त्याच दिवशी जामीन मिळाला, तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्याच्या अटीसह. बाल न्याय मंडळ नावाचं काही असतं, हे महाराष्ट्रातल्या पुष्कळांना त्या निबंधामुळे कळलं. संपादकांना निबंधावरच काहीतरी हवं होतं. मी चौकशीला लागलो आणि भलत्याच कागदात अडकलो.

सामाजिक अन्वेषण अहवाल हे त्या कागदाचं नाव. केंद्राच्या २०१६च्या आदर्श नियमांत हा नमुना क्रमांक सहा. माझ्याकडे आहे तो कोरा. भरलेला अहवाल गोपनीय असतो, तो मला कुणी दाखवणार नाही आणि दाखवूही नये. म्हणून कोरा नमुना घेऊनच निवृत्त झालेल्या एका परिवीक्षा अधिकारी (प्रोबेशन ऑफिसर) बाईंकडे गेलो. त्यांना आजूबाजूचे अजून ‘पीओ मॅडम’च म्हणतात.

अधिकृत इतिहास थोडक्यात उरकतो. मुंबईत डेव्हिड ससून यांच्या नावाची सुधारशाळा १८५७ची. मुंबई इलाख्याचा बालकांचा कायदा १९२४चा, आणि त्याच्या अंमलबजावणीसाठी चिल्ड्रन्स एड सोसायटी निघाली ती १९२७ साली. या सोसायटीचं डोंगरीचं निरीक्षणगृह म्हणजे पूर्वीचा उमरखाडीचा तुरुंग. कोल्हापूरच्या बर्वे बदनामी प्रकरणात १८८२ साली टिळक आणि आगरकर एकशे एक दिवस होते तो हाच. आगरकरांनी त्यावर पुस्तक लिहिलं. मोठ्यांच्या तुरुंगात मुलांना ठेवायचं नाही म्हणून कायदे झाले आणि मुलांसाठी मिळाली ती इमारत तुरुंगाचीच. ‘डोंगरीला धाडतील’ ही धमकी आमच्या कोकणातल्या आयांच्या तोंडीही असायची, डोंगरी कुठल्या दिशेला हे ठाऊक नसताना. पुढे १९८६, २०००, २०१५ असे केंद्राचे कायदे आले. २०००च्या कायद्याने मुलगे-मुली दोघांनाही अठराची रेघ मारली, आणि दिल्लीच्या २०१२च्या सामूहिक बलात्काराच्या घटनेनंतर २०१५च्या कायद्याने सोळा ते अठरा वयाच्या मुलांसाठी त्या रेघेत मोठ्यांसारखा खटला चालवण्याची एक फट ठेवली.

आता आमच्याकडे या. मी अष्टमीत राहतो. पूल ओलांडला की रोहा, त्याच्या पुढे धाटावची एमआयडीसी. समजा, इथल्या सोळा वर्षांच्या एका पोराने बंद शेडमधून तांब्याची वायर काढली आणि भंगारात विकताना सापडला. पोलीस त्याला बेडी घालू शकत नाहीत, कोठडीत टाकू शकत नाहीत. त्याच्याशी बोलायचं ते बालकल्याण पोलीस अधिकाऱ्याने, आणि तेही शक्यतो साध्या कपड्यांत. गुन्हा अघोर वर्गातला नसेल आणि सोबत कुणी मोठा माणूस नसेल, तर गुन्हाही नोंदवायचा नाही. ठाणे दैनंदिनीत नोंद करून मुलाच्या पार्श्वभूमीचा छोटा अहवाल मंडळाकडे पाठवायचा. चोवीस तासांच्या आत मुलगा मंडळापुढे हजर. मंडळात एक न्यायदंडाधिकारी आणि दोन सामाजिक कार्यकर्ते, त्यातली एक तरी स्त्री. गुन्हा जामीनपात्र असो वा नसो, जामीन द्यायचाच. मुलगा सराईतांच्या तावडीत सापडेल, त्याच्या जिवाला किंवा मनाला धोका होईल किंवा न्यायाचा हेतूच फसेल, असं वाटलं तरच नाकारायचा. नाकारला तर निरीक्षणगृह. ते अष्टमीत नाही आणि रोह्यातही नाही.

या पहिल्या तारखेपासून घड्याळ सुरू होतं. पंधरा दिवसांत परिवीक्षा अधिकाऱ्याने मुलाच्या घरी जाऊन नमुना सहा भरून मंडळाला द्यायचा. म्हणजे पहिल्या दिवशी, जामिनाचा विचार होतो तेव्हा, हा अहवाल कुणाच्याच हातात नसतो. निबंधावरून रान उठलं त्या गदारोळात ही गोष्ट कुणी बोललं नाही.

नमुना मी पुन्हा पुन्हा वाचला. सरकारी कागद इतका चौकस असू शकतो, यावर माझा विश्वास बसेना. घरातल्या प्रत्येक माणसाचं वय, शिक्षण, कमाई, आजार, व्यसन. बापलेकाचं पटतं का, आईशी कसं, भावंडांशी कसं. मुलाच्या सवयी विचारताना विडी-दारूच्या शेजारीच वाचन, चित्रकला आणि मैदानी खेळ. शाळा का सुटली, याची तर लांबलचक यादी: नापास झाला, शिक्षकांनी लक्ष दिलं नाही, घरासाठी कमवावं लागलं, वर्गातल्या मुलांनी छळलं, मारलं, अपमान केला, शिकवण्याची भाषाच कळेना, जवळपास शाळाच नाही. मुलगा कमावत असेल तर पैसा कुठे जातो: घरी, कपड्यांवर, जुगारात की शिलकीत? मित्र वयाने मोठे की बरोबरीचे? त्याच्यावर कधी अत्याचार झालाय का, कुठल्या टोळीने त्याला वापरलंय का? हे सगळं विचारून झाल्यावर शेवटाकडे गुन्ह्याची हकीकत, आणि सर्वांत खाली अधिकाऱ्याचं मत: कारणं काय आणि पुढे काय करावं.

पोलिसांचा कागद ‘काय केलं’ विचारतो. हा कागद त्या प्रश्नाला येईपर्यंत अख्खं घर फिरून येतो. ज्याने कुणी हा क्रम लावला, त्याला मुलं कळत होती, असं माझं मत झालं.

पण पीओ मॅडम नमुन्याचं कौतुक करायला तयार नव्हत्या. रकाने भरणं सोपं, म्हणाल्या. घरात शिरणं अवघड. सरकारी जीप त्या कधी दारात नेत नसत, वस्तीच्या अलीकडे उतरून चालत जात. फाइल पिशवीतून काढायची नाही. आधी पाणी मागायचं. पाणी आणून द्यायला कोण उठतं, आणि मुलाचं नाव काढल्यावर कोण उठून आत जातं, यावरून घराची निम्मी कुंडली कळते. कंपनीत ठेकेदाराकडे असलेला बाप सुट्टीच्या दिवशीच भेटणार, म्हणून त्यांचे रविवार यातच गेले. शेजारीण बहुधा न बोलावता येते आणि हवं त्यापेक्षा जास्त सांगते. तिचं सगळं ऐकायचं, लिहायचं थोडं. मुलाचं दप्तर अजून खुंटीला आहे की माळ्यावर गेलंय, हे त्या न विचारता बघत. शाळेत गेल्यावर मुख्याध्यापकांपेक्षा शिपायाकडून त्यांना अधिक कळे.

हा अहवाल पुढे खरोखर वजन टाकतो. चौकशीअंती मुलाने गुन्हा केल्याचं ठरलं, तर मंडळाकडे बरेच मार्ग असतात: समज देऊन घरी पाठवणं, गटसमुपदेशन, समाजसेवा, पालकांकडून दंड, परिवीक्षेवर सोडणं, आणि सगळ्यात शेवटी विशेषगृह, तेही जास्तीत जास्त तीन वर्षं. समाजसेवेचे प्रकार नियमांत दिलेले आहेत: बाग राखणं, वृद्धांची सेवा, इस्पितळात मदत, वाहतूक स्वयंसेवक. यातलं कुठल्या मुलाला काय लागू पडेल, हे मंडळाला घर न बघता कसं कळावं? त्यांच्या वतीने घर बघून आलेली व्यक्ती एकच.

ती व्यक्ती असते का, हा खरा प्रश्न. सर्वोच्च न्यायालयाने ९ फेब्रुवारी २०१८ला संपूर्णा बेहुरा यांच्या याचिकेवर निकाल देताना बाल न्याय मंडळं आणि बालकल्याण समित्यांमधली रिकामी पदं भरा, असं राज्यांना बजावलं आणि उच्च न्यायालयांना स्वतःहून लक्ष घालायला सांगितलं. जिल्हा बाल संरक्षण कक्षातली बरीच माणसं कंत्राटी; केंद्राच्या बाल संरक्षण योजनेचं नाव बदलून मिशन वात्सल्य झालं, कंत्राट राहिलं. आमच्या जिल्ह्याचा कक्ष अलिबागला. तिथून अष्टमी, पोलादपूर आणि कर्जत या तीन टोकांची घरं पंधरा दिवसांत बघायची, तर एसटीच्या वेळापत्रकावर न्याय चालणार. गृहभेट राहून गेली की आई-बापांनाच कार्यालयात बोलावलं जातं. ते मजुरी बुडवून येतात, खुर्चीच्या कडेवर बसतात आणि साहेबांना जे ऐकायचं असेल ते सांगतात. मग अहवालात येतं, ‘वाईट संगतीमुळे’. मॅडमनी हे दोन शब्द इतक्या अहवालांत वाचलेत की त्या उच्चारतानाच हसल्या.

सोळा ते अठरा वयाच्या मुलावर अघोर गुन्ह्याचा आरोप असेल, म्हणजे किमान शिक्षाच सात वर्षांची असेल, तेव्हा तर याच दोन शब्दांची भीती वाटते. मुलाला मोठ्यांसारखं चालवायचं का, हे मंडळ प्राथमिक मूल्यमापन करून ठरवतं: त्याची शारीरिक-मानसिक कुवत, परिणामांची समज, गुन्ह्याची परिस्थिती. १३ जुलै २०२२ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की मंडळात बालमानसशास्त्राची किंवा बालमानसोपचाराची पदवी असलेलं कुणी नसेल तर तज्ज्ञांची मदत घ्यावीच लागेल. मुंबई-पुण्यात तज्ज्ञ मिळतील. आडबाजूच्या तालुक्यातल्या मुलाची ‘परिस्थिती’ मात्र घरभेट न झालेल्या अहवालातूनच वाचली जाणार असेल, तर त्या मूल्यमापनाला अर्थ काय? पुण्याच्या प्रकरणात या मुद्द्यावर दोन्ही बाजूंनी वकिलांची फौज होती, आणि २०२५च्या जुलैत मंडळाने मोठ्यांसारखा खटला चालवायची पोलिसांची मागणी फेटाळली. वायर चोरणाऱ्या पोराच्या बाजूने बोलणारा वकील विधी सेवा प्राधिकरणाकडून येईल. तोही बहुतेक तारखेच्या दिवशीच त्याला पहिल्यांदा भेटेल.

चौकशी चार महिन्यांत संपावी, असं कायदा म्हणतो. फार तर आणखी दोन महिने. किरकोळ गुन्ह्यात एवढ्यात संपली नाही, तर ती आपोआप मिटते. निरीक्षणगृहात असलेल्या मुलाला मात्र चार महिने म्हणजे शाळेचं अर्धं वर्ष. दहावीचा अर्ज भरायची तारीख गेली की तो वर्गात परतत नाही, ठेकेदाराकडे जातो.

सुटल्यावरचं तर आणखी कठीण. संस्थेतून अठराव्या वर्षी बाहेर पडलेल्याला एकविसाव्यापर्यंत अनुरक्षणाचा आधार देता येतो, तशी कायद्यात सोय आहे. मॅडमच्या अनुभवात आधार मिळाला तो नात्यातल्या कुणीतरी, बहुतेकदा मामाने, गॅरेजात किंवा होडीवर घेतल्यामुळे. गुन्ह्याचा बट्टा पुढे लागू नये म्हणून निकालाची कागदपत्रं अपिलाची मुदत संपेपर्यंत किंवा सात वर्षं ठेवून मग नष्ट करायची, असा नियम आहे. अपवाद मोठ्यांसारख्या चाललेल्या खटल्यांचा. या निकालामुळे कुठली नोकरी अडता कामा नये, हेही कायद्यात आहे. पण कारखान्याच्या गेटवर पोलीस पडताळणीचा दाखला मागतात, आणि रोह्यासारख्या गावात दाखला देणाऱ्या हवालदाराला मुलगा तोंडपाठ असतो.

त्याही आधी मोबाइल असतो. भंगारवाल्याच्या दुकानासमोर धरलेल्या पोराचा व्हिडिओ पोलीस येण्याआधी गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पडलेला असतो, नाव, आळी आणि बापाच्या नावासकट. अशा मुलाची ओळख उघड करणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं, २०१५च्या कायद्याचं कलम ७४. असा व्हिडिओ पुढे ढकलल्याबद्दल आमच्या आळीत कुणाला नोटीस आल्याचं माझ्या ऐकिवात नाही. पीओ मॅडमनाही असं एकही प्रकरण आठवलं नाही. उलट नोकरीच्या शेवटच्या काळात त्या घरी पोचायच्या, तेव्हा शेजारीण तोंडाने काही सांगायच्या ऐवजी फोनच पुढे करायची.